बाराव्याची वही

मी खेळलो नाही. हे आधीच लिहून ठेवतो,
म्हणजे पुढचं वाचताना कुणी माझ्या पायांकडे बघणार नाही.
अकरा जण खेळत. बारावा मी,
वर्गणी गोळा करणारा, लिंबं कापणारा,
दौत सांभाळत मैदानाच्या कडेला उकिडवा बसलेला.

साल शहाण्णव. जून महिना.
माणशी चार आणे. दाऊद परकारने एकट्याने आठ दिले,
म्हणाला, वरचे चार डाव्या पायाचे.

मेडोज स्ट्रीटवरून चेंडू आणला
तेव्हा सुखटणकर दोन पावलं मागे सरला.
चामडं कुठल्या जनावराचं, आम्ही विचारलं नाही,
दुकानदारानेही सांगितलं नाही.
पायाने चालेल, सुखटणकर म्हणाला, वहाणाही चामड्याच्याच असतात.
प्रश्न डोक्याचा होता.
ऑगस्टात, गोदीच्या कारकुनांविरुद्ध,
कोपऱ्यातून चेंडू उंच आला
आणि नेमका त्याच्या कपाळावर बसून दोन बांबूंच्या मधून गेला.
आमचा पहिला गोल.
त्या रात्री वसतिगृहाच्या विहिरीवर त्याने दोनदा आंघोळ केली,
आणि तिसऱ्यांदा, हसू आवरेना म्हणून.

ऑफसाइड समजावायला सोराबजी मास्तरांनी
भूमितीचा अख्खा तास मोडला.
फळ्यावर एक रेघ, तीन विरोधक, एक लोभी माणूस.
'लोभी माणूस लवकर पोचते,' मास्तर म्हणाले, 'म्हणून शिट्टी.'
सगळ्यांना कळलं. कोठारेला शेवटपर्यंत कळलं नाही,
तो समोरच्या गोलकीपरशी गप्पा मारत उभा राही
आणि दर सामन्यात एक नवा मित्र घेऊन परते.

सामना ठेवायचा कधी?
शुक्रवारी परकारची नमाज, शनिवारी चौलकरचा शब्बाथ,
रविवारी इनास चर्चमध्ये गाणार,
एकादशीला सुखटणकरच्या डोळ्यांपुढे काजवे.
उरलेल्या वारी रसायनाचं प्रात्यक्षिक.
तरी सहा सामने झाले. कसे, ते वहीलाही सांगता येत नाही.

कुलाब्याच्या पलटणीशी खेळलो तो दिवस मी तिरक्या अक्षरात लिहिलाय.
त्यांच्या पायांत बूट, आमच्याकडे एकूण एक जोडी, केकीची,
त्यातलाही डावा त्याने चौलकरला दिलेला.
नवव्या गोलनंतर मी मोजणं थांबवलं.
त्यांनी नाही.

पंप नव्हता.
चेंडूत हवा परकार भरायचा, तोंडाने.
गाल टम्म, डोळे लाल, मग वादी दातात धरून
अशी आवळायचा की सोडवायला मला चाकू लागे.

सप्टेंबरअखेर वैद्यकीच्या पोरांशी शेवटचा सामना होता.
परकारने आदल्या संध्याकाळी चेंडू भरून माझ्या हाती दिला
आणि मांडवीला गेला, गोदामावरच्या आपल्या खोलीत,
जिथे त्या आठवड्यात उंदीर जिन्यावर येऊन मरत होते.
दुसऱ्या दिवशी आम्ही दहा जण उभे राहिलो.
समोर कुणीच नाही.
त्यांचे अकराच्या अकरा खाटांमधून फिरत होते, पाणी पाजत.
कोठारेने रिकाम्या गोलपाशी जाऊन थोडा वेळ वाट पाहिली.

मग वसतिगृह रिकामं झालं.
वेंगुर्ल्याला बोटीतून उतरताना डॉक्टरने माझी काख दाबली,
मग बगलेतला चेंडूही दाबून पाहिला.

कार्ड आलं दिवाळीच्या आधी. चौलकरचं, दोन ओळींचं.

वादी मी सोडली नाही.
माळ्यावर चढून रोज अंगठ्याने दाबून बघायचो.
पुष्कळ दिवस टणक होता.
मग काही न सांगता
मऊ पडत गेला.

जमा तीन रुपये चार आणे.
चेंडू, दोन रुपये बारा. लिंबं आणि सुतळी, सहा आणे.
शिल्लक दोन आणे.
ते परकारच्या डाव्या पायाचे, असं मी धरतो.
सुखटणकर म्हणतो, उजव्याचे.